यांबोलचा पगार

बल्गेरियातली एक रीत मला मनापासून आवडते. तिथे गावोगावच्या नाट्यगृहांना नटांची नावं दिलेली असतात. वार्नाचं नाट्यगृह स्तोयान बाच्वारोवच्या नावाचं, रुसेचं सावा ओग्न्यानोवच्या, वेलिको तर्नोवोचं कॉन्स्तान्तिन किसिमोवच्या, हास्कोवोचं इवान दिमोवच्या. हे सगळे रंगमंचावर उभे राहून घाम गाळलेले लोक. काळ्या समुद्राच्या काठावरच्या बुर्गासमध्ये अद्रियाना बुदेव्स्काचं नाव आहे आणि तिथून पश्चिमेला, शंभरेक किलोमीटरवर, तुंजा नदीकाठच्या यांबोल गावात नेवेना कोकानोवाचं.

यांबोल लहान गाव आहे. वस्ती साठ-सत्तर हजारांची, म्हणजे आपल्याकडच्या एखाद्या तालुक्याच्या ठिकाणाएवढी. राजधानी सोफिया तिथून जवळपास तीनशे किलोमीटर. बल्गेरियन चित्रपटाची ‘पहिली स्त्री’ म्हणून जिचं नाव आजही घेतलं जातं, ती कोकानोवा १९५६ साली या गावच्या नाट्यगृहात उमेदवार नटी म्हणून लागली. तेव्हा तिला अठरावं वर्षही पुरं झालेलं नव्हतं. सोफियात १९४८ पासून सरकारी नाट्यशिक्षण संस्था होती. तिथून ती शिकून आलेली नव्हती. तिची शाळा म्हणजे यांबोलचा रंगमंच.

मला जे म्हणायचं आहे ते याच गोष्टीभोवती फिरतं. लहान गावातलं, कायम नटसंच असलेलं, सरकारी पगारावर चालणारं नाट्यगृह ही चैन नाही. मोठी अभिनेत्री जिथे घडते ती जागा हीच. अशा नाट्यगृहाला तिकीटविक्रीच्या मापाने पैसे मोजायचं धोरण बल्गेरियाने गेल्या दीड दशकात स्वीकारलं. ते चुकीचं आहे असं मला ठामपणे वाटतं, आणि कोकानोवाचं आयुष्य हा त्याचा पुरावा आहे.

आपल्याकडच्या नाटकवाल्यांना ‘नाईट’ हा शब्द सांगावा लागत नाही. प्रयोग झाला तर त्या प्रयोगाचे पैसे, नाही झाला तर नाही. बल्गेरियातल्या गावोगावच्या नाट्यगृहांची रीत वेगळी होती. नट हा त्या नाट्यगृहाचा महिन्याच्या पगारावरचा माणूस. एका हंगामात तीन-चार नाटकं आलटून पालटून चाललेली असायची आणि पुढच्या नाटकाच्या तालमीही सुरू असायच्या. आज एका नाटकात मोठी भूमिका, उद्या दुसऱ्यात तबक घेऊन येणारी मोलकरीण. परवा जवळच्या खेड्यात दौरा. उमेदवार नटीला चांगली भूमिका मिळायला वेळ लागतो, पण तोवर ती विंगेत उभी राहून बघत असते. तिच्या हातून चुका होतात आणि त्या चुकांची किंमत तिच्या पोटाला मोजावी लागत नाही. हे शेवटचं वाक्य मला फार महत्त्वाचं वाटतं. चुकायला वेळ आणि परवानगी असल्याशिवाय नट घडत नाही, आणि ती परवानगी कुणाच्या तरी पैशातून येते.

कोकानोवाचा जन्म १२ डिसेंबर १९३८ चा, दुप्नित्सा गावातला. दुप्नित्सा हे तंबाखूच्या व्यापाराचं जुनं गाव. १९५७ मध्ये ती पहिल्यांदा पडद्यावर आली आणि १९६२ मध्ये तिला ‘तंबाखू’ या चित्रपटात इरिना मिळाली. तंबाखूच्या गावात जन्मलेली मुलगी तंबाखूच्या साम्राज्यावरच्या चित्रपटाची नायिका झाली, हा योगायोगच. दिमितर दिमोवच्या प्रचंड कादंबरीवर बेतलेला तो चित्रपट निकोला कोराबोवने केला आणि १९६३ मध्ये तो कान महोत्सवाच्या स्पर्धेत दाखवला गेला. इरिना ही साध्या घरातली मुलगी. महत्त्वाकांक्षी बोरिसच्या प्रेमात पडते, पैशाच्या जगात शिरते आणि त्या जगात आतून हळूहळू विझत जाते. ते विझणं कोकानोवाने दाखवलं तेव्हा ती अवघी तेवीस वर्षांची होती.

त्यानंतर दोन वर्षांनी ‘पीच चोरणारा’ आला. एमिलियान स्तानेवच्या दीर्घकथेवरून वुलो रादेवने केलेला हा कृष्णधवल चित्रपट. काळ पहिल्या महायुद्धाचा, गाव तर्नोवो. गावच्या लष्करी अधिकाऱ्याची, एका वयस्कर कर्नलची बायको लीझा आणि युद्धकैदी म्हणून आलेला सर्बियन इवो यांची ही गोष्ट. भुकेपोटी तो तिच्या बागेत पीच चोरायला येतो आणि त्यातून प्रेम उभं राहतं. शेवट काय होणार हे प्रेक्षकाला पहिल्यापासून कळत असतं. तरीही तो चित्रपट मी प्रत्येक वेळी जीव मुठीत धरून पाहिला आहे, आणि त्याचं कारण कोकानोवाचा चेहरा. लीझाच्या तोंडी फार संवाद नाहीत. ती ऐकते, थांबते, मान वळवते. वर्षानुवर्षं शिस्तीत बसवलेलं एक घर त्या मान वळवण्यात हलायला लागतं. समोरच्या नटाचं ऐकणं हे कॅमेऱ्यासमोर शिकवता येत नाही. ते रंगमंचावर, रोज रात्री, त्याच त्या संवादांत पुन्हा पुन्हा शिकावं लागतं.

१९६७ चा ‘आडवळण’ तर मला तिचा सर्वांत प्रौढ चित्रपट वाटतो. पटकथा कवयित्री ब्लागा दिमित्रोवाची, जी पुढे १९९२ मध्ये देशाची उपराष्ट्राध्यक्ष झाली. विद्यार्थिदशेत प्रेमात असलेले आणि त्या काळाच्या कडक विचारांपायी एकमेकांना गमावून बसलेले दोघं कितीतरी वर्षांनी रस्त्यात भेटतात, एका गाडीतून थोडा प्रवास करतात आणि पुन्हा आपापल्या वाटेने जातात. कोकानोवाची नेदा पुरातत्त्वज्ञ आहे. जमिनीखालचं जपून वर काढणाऱ्या बाईला स्वतःचं पुरलेलं आयुष्य वर काढावं लागतं. मॉस्कोच्या महोत्सवात या चित्रपटाला विशेष सुवर्ण पारितोषिक मिळालं. पुढे १९७९ मध्ये तिचा नवरा, दिग्दर्शक ल्युबोमिर शार्लान्जिएव वारला. त्याच्या मागे ‘तीन महापापं’ हा चित्रपट तिने पुरा केला आणि तो १९८० मध्ये आला. ३ जून २००० रोजी ती गेली.

आता यांबोलचा हिशेब मांडू. त्या गावाने एका अननुभवी मुलीला ठेवून घेतलं, रंगमंच दिला. थोड्याच वर्षांत ती मोठ्या शहराकडे आणि चित्रपटाकडे गेली. यांबोलच्या तिकीटबारीवर तिच्यामुळे किती लेव जमा झाले असतील? फार नाही. पीक आलं ते सोफियात, बोयानाच्या स्टुडिओत, कानमध्ये, मॉस्कोत, आणि साठ वर्षांनी इकडे मुंबई-पुण्यात एखाद्या चित्रपट मंडळाच्या अंधाऱ्या खोलीत बसलेल्या माझ्यासारख्याच्या मनात. पेरलं यांबोलने, कापणी सगळ्यांनी केली. अशा पेरणीची किंमत यांबोलच्या गल्ल्यात कधीच दिसणार नाही. ती सगळ्या देशाने मिळून उचलायची असते, आणि त्यासाठी देशाच्या तिजोरीतून पगार द्यायचा असतो. गावाला हे कळलं होतं. म्हणूनच थोडीच वर्षं राहून निघून गेलेल्या मुलीचं नाव त्यांनी आपल्या नाट्यगृहाला दिलं.

२०१० च्या आसपास बल्गेरियन सरकारने रंगभूमीच्या पैशांची व्यवस्था बदलली. आर्थिक मंदीचे दिवस होते, सगळीकडे काटछाट चालू होती. काही संस्था एकत्र केल्या गेल्या. वार्नात नाटक आणि ऑपेरा एकाच छपराखालच्या एका संस्थेत आले. आणि मुख्य म्हणजे नाट्यगृहाने तिकिटांतून जे कमावलं त्याच्या पटीत सरकारी अनुदान द्यायचं, हे तत्त्व आलं. सूत्रात पुढे फेरफार होत राहिले, पण विचार रुजला: जो जास्त विकेल त्याला जास्त.

वरवर पाहता हा न्याय वाटतो. लोकांना आवडतं त्याला लोकांचे पैसे. पण जरा आत शिरून बघा. राजधानीत माणसं जास्त, त्यांच्या खिशात पैसे जास्त, तिकीट महाग लावता येतं. यांबोलमध्ये तसं नाही. मुळातच असलेल्या या फरकाला सरकारने एका आकड्याने गुणलं की फरक तेवढ्याच पटीने वाढतो. ज्याच्याकडे कमी होतं त्याला सरकारही कमी देतं. त्यात हा देश आटत चाललेला आहे. १९८० च्या दशकाच्या अखेरीस जवळजवळ ९० लाख असलेली लोकसंख्या २०२१ च्या जनगणनेत ६५ लाखांवर आली, आणि ही ओहोटी लहान गावांना जास्त जाणवते. गाव रिकामं होत असताना तिथल्या नाट्यगृहाला ‘तुझे प्रेक्षक कमी झाले’ म्हणून दंड करणं म्हणजे दुष्काळात विहिरीवर पाणीपट्टी वाढवण्यासारखं आहे.

शिवाय तिकिटाच्या आकड्याला उमेदवार दिसत नाही. नाट्यगृहाच्या संचालकाच्या जागी स्वतःला ठेवून पाहावं. पुढच्या हंगामाचा पैसा या हंगामाच्या विक्रीवर ठरणार असेल, तर तो टीव्हीवरचा ओळखीचा चेहरा आणेल, खात्रीची विनोदी नाटकं लावेल, तालमीचे दिवस कमी करेल. सतरा वर्षांच्या अनोळखी मुलीला दोन वर्षं विंगेत उभी ठेवून पगार देण्याइतका वेडेपणा तो करणार नाही. त्याला दोष कसा देणार? सूत्रानेच त्याला तसं वागायला लावलं. बियाण्याचं धान्य दळून भाकरी केली की त्या दिवशी घरात सगळे पोटभर जेवतात.

या मताविरुद्ध जे मुद्दे मांडले जातात त्यांतले काही खरोखर वजनाचे आहेत. पहिला मुद्दा रिकाम्या खुर्च्यांचा. कायम पगार असला की नटसंच आळसावतो, प्रेक्षक नसले तरी कुणाचं काही अडत नाही, असं म्हणतात. नव्या पद्धतीनंतर प्रेक्षक वाढले असंही तिचे समर्थक सांगतात. आळशी नटसंच असतात, हे मी मान्य करतो. पण त्यावर उपाय म्हणजे चांगला संचालक नेमणं, त्याला ठरावीक मुदत देणं, कामाचं परीक्षण जाणकारांकडून करून घेणं. गल्ला मोजणं हा परीक्षणाचा सर्वांत सोपा मार्ग आहे म्हणून तो निवडला गेला, आणि सोपेपणाची किंमत कलेला मोजावी लागली.

दुसरा मुद्दा मला जास्त अस्वस्थ करतो. ज्या सरकारने कोकानोवाला पगार दिला, ते सरकार एका पक्षाचं होतं आणि ते कलावंताच्या मानेवर हात ठेवूनच पैसे देत होतं. ‘तंबाखू’ची मूळ कादंबरी १९५१ मध्ये आली तेव्हा तिच्यावर टीकेची झोड उठवली गेली आणि दिमोवला ती पुन्हा लिहावी लागली. १९५४ च्या आवृत्तीत वाढवलेली पात्रं आणि प्रकरणं घालूनच ती पुढे गेली. याहून क्रूर उदाहरण पेपा निकोलोवाचं. ‘सोमवार सकाळ’ या चित्रपटात तिने एका बेधडक, कुणाच्याही चौकटीत न बसणाऱ्या मुलीची भूमिका केली. इरिना आक्ताशेवा आणि ख्रिस्तो पिस्कोव यांचा हा चित्रपट १९६६ मध्ये तयार झाला आणि प्रेक्षकांसमोर आला १९८८ मध्ये. बावीस वर्षं डबा बंद. तरुणपणीचं आपलं काम लोकांनी पाहायचं तेव्हा ती नटी चाळिशी ओलांडून गेलेली होती. दिग्दर्शिका बिन्का झेल्याझ्कोवाचा पहिला चित्रपट तर १९५७ पासून तीस वर्षांहून जास्त काळ कुलपात राहिला.

हे सगळं खरं आहे आणि ते विसरून कोकानोवाची गोष्ट सांगणं हा पेपा निकोलोवावर दुसऱ्यांदा अन्याय होईल. पण या इतिहासातून निघणारा निष्कर्ष वेगळा आहे. पैसे देणाऱ्याने नाटकाच्या संहितेत हात घालू नये, अशी भिंत कायद्याने उभारायला हवी, हा तो निष्कर्ष. १९८९ नंतरच्या लोकशाही बल्गेरियाला ती भिंत उभारणं शक्य होतं. त्याऐवजी सेन्सॉर गेला आणि त्याच्याबरोबर पगारही अंग चोरू लागला. नव्वदीच्या दशकात चित्रपटांचं तेच झालं. वर्षाला वीस-पंचवीस चित्रपट करणाऱ्या देशात मोजके चित्रपट होऊ लागले आणि पुढे बोयानाचा स्टुडिओ परदेशी कंपनीला विकला गेला. स्वातंत्र्य आणि भाकर यांतलं एकच निवडा, असं त्या पिढीच्या कलावंतांना जणू सांगण्यात आलं. ही निवड त्यांच्यावर लादायची काहीच गरज नव्हती.

तिसरा मुद्दा लाडक्या स्तोयांका मुताफोवाच्या नावाने मांडला जातो. १९२२ मध्ये जन्मलेली ही विनोदी अभिनेत्री नव्वदी ओलांडल्यावरही दौरे करत होती, परदेशातल्या बल्गेरियन लोकांसमोर प्रयोग करत होती, आणि लोक तिकीट काढून गर्दी करत होते. २०१९ मध्ये सत्त्याण्णवाव्या वर्षी ती गेली. बघा, खरा नट तिकिटावर जगतोच, असं म्हणतात. पण मुताफोवा मुताफोवा झाली कुठे? आधी राष्ट्रीय नाट्यगृहात आणि मग १९५७ मध्ये सुरू झालेल्या सोफियाच्या सरकारी उपहास-नाट्यगृहाच्या कायम संचात, तीन दशकांहून जास्त काळ. म्हातारपणी ती जी गर्दी खेचत होती ती त्या वर्षांची पुंजी होती.

आणि मारिया बाकालोवा? १९९६ मध्ये बुर्गासमध्ये जन्मलेली ही मुलगी २०२० च्या एका अमेरिकी विनोदी चित्रपटातल्या भूमिकेमुळे वयाच्या चोविसाव्या वर्षी ऑस्करच्या नामांकनापर्यंत पोहोचली. अभिनयासाठी हा मान मिळवणारी ती पहिली बल्गेरियन. जागतिक बाजार खुला झाल्याची ही निशाणी मानली जाते. मला तिचा अभिमान वाटतो, तिची हिंमत थक्क करणारी आहे. पण ती सोफियाच्या सरकारी नाट्य-चित्रपट अकादमीतून २०१९ मध्ये पदवी घेऊन बाहेर पडली. तीच संस्था, १९४८ ची. तिथली चार वर्षं कुठल्या तिकीटबारीने दिली नव्हती.

बाकालोवाच्या बुर्गासमध्ये नाट्यगृहावर अद्रियाना बुदेव्स्काचं नाव आहे, आणि तिची कथा मला या सगळ्यात सर्वांत जास्त लागते. १८७८ मध्ये दोब्रिचमध्ये जन्मलेली ही मुलगी सतराव्या वर्षी शिष्यवृत्तीवर मॉस्कोला नाट्यशिक्षणासाठी गेली. ऑटोमन सत्तेतून सुटून बल्गेरियाला तेव्हा वीस वर्षंही झाली नव्हती. रस्ते नाहीत, शाळा अपुऱ्या, तिजोरी रिकामी, तरी त्या गरीब देशाला एका मुलीला अभिनय शिकवायला पाठवावंसं वाटलं. १८९९ मध्ये ती परतली आणि सोफियाच्या ज्या मंडळीतून पुढे राष्ट्रीय नाट्यगृह उभं राहिलं, तिची ती मुख्य अभिनेत्री झाली. लेडी मॅकबेथपासून बल्गेरियन लेखक इवान वाझोवच्या नायिकांपर्यंत तिने बल्गेरियन भाषेला रंगमंचावर बोलायला शिकवलं. आणि १९२६ मध्ये, अठ्ठेचाळिशीही पुरी झाली नसताना, तिला सक्तीने निवृत्त केलं गेलं. पुढे ती मुलांबरोबर अर्जेंटिनाला गेली, तिथल्या बल्गेरियन वस्तीत नाटकं बसवली, १९४८ मध्ये परत आली आणि १९५५ मध्ये वारली. शिष्यवृत्ती देणारं आणि दार लावून घेणारं राज्य एकच होतं, मधे तीसेक वर्षं गेली एवढंच. नाट्यगृहाला नाव देण्याचं शहाणपण नंतर सुचलं.

मी मराठी रंगभूमीचा प्रेक्षक आहे, त्यामुळे हे वाचताना आपल्याकडचं आठवल्याशिवाय राहत नाही. महाराष्ट्र सरकार व्यावसायिक नाटकांना प्रयोगामागे अनुदान देतं, १९५४ पासून राज्य नाट्यस्पर्धा भरवतं. या दोन्हींचे उपकार मोठे आहेत. पण पैसा प्रयोगाला मिळतो, नटाच्या महिन्याला नाही. स्पर्धेत गाजलेली सांगली-जळगावची मुलगी पुढे काय करते, तर मुंबईत मालिकेच्या सेटवर जाते, कारण खोलीचं भाडं भरायचं असतं. बल्गेरियाकडे जे होतं आणि जे तो देश हातातून निसटू देतोय, ते आपण कधी उभंच केलं नाही. म्हणून तिथलं नुकसान मला परकं वाटत नाही.

बल्गेरियाला नवं काही शोधायचं नाही. तिकिटांवर आधारलेला भाग ठेवायचा तर ठेवा, पण तो बक्षिसासारखा वरचा असू द्या. नटसंचाचा मूळ पगार त्या सूत्रातून बाहेर काढा. पन्नास-साठ हजार वस्तीच्या गावांत दर नाट्यगृहामागे दोन-तीन उमेदवार नटांच्या जागा देशाच्या तिजोरीतून भरा, तीन वर्षांच्या मुदतीने, आणि ती मुदत संपल्यावर मुलं सोफियाला निघून गेली तर गावाकडून जाब मागू नका. संचालकांच्या नेमणुका मंत्र्याच्या हातात ठेवू नका. या जागांचा खर्च सरकारी अंदाजपत्रकात शोधूनही सापडणार नाही इतका लहान असेल. सुरुवात कुठून करायची हे ठरवायला समितीही नको. यांबोलपासून करावी.